बॅडमिंटनचे अजिंक्यपद : पुणे, लंडन, क्वालालंपूर



साहित्याच्या व्यासपीठावर रॅकेट आणि फूल घेऊन उभे राहावे की नाही, याचा मी बराच विचार केला. आपल्या वार्षिक व्याख्यानांत आजवर संतवाङ्मय आले, नाटक आले, इतिहास आला. खेळाला जागा क्वचितच. मराठीत क्रिकेटवर पुष्कळ लिहिले गेले. बॅडमिंटन मात्र शेकडो वाडे, चाळी, शाळांची पटांगणे आणि लग्नाची कार्यालये यांतून खेळले गेले आणि तिथेच विसरले गेले. या खेळाविषयी दोन वाक्ये तेवढी आपल्या तोंडी बसलेली आहेत. एक, ‘बॅडमिंटन मूळचे आपल्या पुण्याचे’. दुसरे, ‘आंतरराष्ट्रीय विजेतेपद मिळवणारे पहिले भारतीय बॅडमिंटनपटू म्हणजे आपले नंदू नाटेकर’. यांतले पहिले वाक्य अर्धेच खरे आहे. दुसरे पूर्ण खरे आहे, पण त्याचे मोल आपण कमी लावतो. ते नीट लावायचे तर आधी एक प्रश्न विचारावा लागतो : एखाद्या खेळात ‘जगातला पहिला’ कोण, हे कोण ठरवतो, कुठे बसून ठरवतो, आणि तिथपर्यंत पोचण्याचे भाडे कोणाला परवडते? आंतरराष्ट्रीय स्पर्धांचा इतिहास मी आज याच प्रश्नाच्या मागे जाऊन सांगणार आहे.

पुण्यापासून सुरुवात करतो. पिसांचे फूल फळीने किंवा चामडे ताणलेल्या बॅटने हवेत उडवत ठेवणे हा मुलांचा खेळ फार जुना. तो इंग्लंडातही होता, चीनमध्येही होता. त्यात हार-जीत नव्हती. दोघांनी मिळून फूल खाली पडू द्यायचे नाही, एवढेच. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात हिंदुस्थानातल्या गोऱ्या लष्करी अधिकाऱ्यांनी मध्ये जाळी बांधली आणि भिडू जाळीच्या दोन बाजूंना उभे केले. जाळी आली आणि सहकार्याचा खेळ लढतीचा झाला. पुण्याच्या लष्करात हा खेळ इतका रुजला की त्याला ‘पूना’ असेच नाव पडले. 1870च्या दशकात त्याचे नियम बांधले गेले. निवृत्त होऊन मायदेशी परतणाऱ्या अधिकाऱ्यांनी तो बरोबर नेला. फोकस्टोनसारख्या समुद्रकाठच्या गावांत त्यांचे क्लब निघाले. 1887 पर्यंत इंग्लंडात हा खेळ हिंदुस्थानात चालत आलेल्या नियमांनीच खेळला जात होता. त्या वर्षी बाथ येथील क्लबाने ते तपासून नव्याने मांडले.

नाव मात्र पुण्याचे राहिले नाही. ग्लॉस्टरशायर परगण्यात ब्यूफर्टच्या ड्यूकचा ‘बॅडमिंटन हाउस’ नावाचा वाडा आहे. तिथे पाहुण्यांपुढे हा खेळ झाला आणि वाड्याचे नाव खेळाला चिकटले, असे सांगतात. ही हकीकत बहुधा 1873 सालची म्हणून दिली जाते. पुण्याचे नाव मागे पडून एका उमरावाच्या वाड्याचे नाव पुढे आले, याची आपल्याकडे हळहळ केली जाते. मला ती हळहळ पुरती पटत नाही. नियम पुण्यात बांधले गेले हे खरे. पण ते पुणेकरांनी बांधले नाहीत. छावणीतल्या क्लबांचे दरवाजे त्या काळी कोणाला उघडे होते, हे आपण जाणतो. तेव्हा ‘पुण्यात जन्मला’ म्हणावे, ‘पुणेकरांनी जन्माला घातला’ म्हणू नये. घर आपले आणि बारसे दुसऱ्याचे, असा तो प्रकार होता.

आणखी एक फांदी इथे सांगून टाकतो. आपल्याकडे कर्नाटकात आणि खाली तामिळनाडूत जो बॉल बॅडमिंटन खेळतात, लोकरीच्या पिवळ्या चेंडूचा, त्याचे मूळ तंजावरच्या राजघराण्यात होते असे परंपरेने सांगितले जाते. तंजावरचे राजघराणे म्हणजे भोसले. वारा सुटला की पिसांचे फूल उघड्यावर टिकत नाही. लोकरीचा चेंडू टिकतो. पुण्याच्या छावणीतही वाऱ्यापावसाच्या दिवसांत लोकरीचा चेंडू वापरत. आज जगभर जो खेळ चालतो तो छपराखालचा. आपल्या गावांनी उघड्यावरचा भाऊ जपला. पण त्याला आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद लाभले नाही, म्हणून आजच्या विषयात त्याला एवढीच जागा.

आता लंडन. 1893 मध्ये इंग्लंडातल्या क्लबांनी बॅडमिंटन असोसिएशन स्थापन केली. 1899 मध्ये लंडनमधल्या एका लष्करी कवायतीच्या दालनात तिची पहिली खुली स्पर्धा भरली. त्या वर्षी फक्त दुहेरीचे सामने झाले; एकेरी दुसऱ्या वर्षी आली. तेव्हाचे कोर्टही गमतीचे होते : दोन्ही टोकांना रुंद आणि जाळीजवळ अरुंद, वाळूच्या घड्याळासारखे. 1901 मध्ये ते सरळ चौकोनी झाले. हीच ती ‘ऑल इंग्लंड’ स्पर्धा. नाव ‘अखिल इंग्लंड’, पण पुढची 78 वर्षे सारे जग तिलाच जागतिक अजिंक्यपद मानत होते. दुसरे काही नव्हतेच. ही गोष्ट वाटते तितकी साधी नाही. एका देशाची खुली स्पर्धा जगाची ठरते तेव्हा जगाने त्या देशात जायचे असते. पहिल्या 40 वर्षांत पुरुष एकेरीचा किताब ब्रिटिश बेटांबाहेर गेला नाही. 1939 मध्ये डेन्मार्कच्या टागे मॅडसेनने तो पहिल्यांदा बाहेर नेला. त्याचा अर्थ बाहेर कोणी चांगले खेळत नव्हते, असा लावणे चुकीचे होईल. मुंबई बंदरातून निघून दोन-तीन आठवडे बोटीवर काढायचे, तिकीट पदरचे, बक्षिसाची रक्कम शून्य, कारण खेळ हौशी. असे जाणारे किती निघणार?

1934 मध्ये आंतरराष्ट्रीय महासंघ झाला. संस्थापक सभासद नऊ : इंग्लंड, आयर्लंड, स्कॉटलंड, वेल्स, डेन्मार्क, हॉलंड, फ्रान्स, कॅनडा आणि न्यूझीलंड. ज्या खंडात या खेळाला जाळी मिळाली त्या आशिया खंडातला एकही देश त्या यादीत नव्हता. हिंदुस्थान 1936 मध्ये सभासद झाला. महासंघाचे पहिले अध्यक्ष सर जॉर्ज थॉमस हे मोठे विलक्षण गृहस्थ. ऑल इंग्लंडचे 21 किताब त्यांच्या नावावर, शिवाय बुद्धिबळातही नामवंत. टेनिसच्या डेव्हिस चषकासारखी देशादेशांमधली सांघिक स्पर्धा बॅडमिंटनला हवी, अशी कल्पना त्यांनी 1939 मध्ये मांडली आणि चषकही स्वतः दिला. युद्ध लागले आणि चषक कपाटात राहिला. ऑल इंग्लंडसुद्धा 1940 ते 1946 भरली नाही.

या युद्धाच्या वर्षांत पुण्यात काय चालले होते, इकडे थोडे थांबू या. प्राध्यापक दि. ब. देवधर यांना आपण क्रिकेटपटू म्हणून ओळखतो. सर परशुरामभाऊ महाविद्यालयात संस्कृत शिकवायचे आणि महाराष्ट्राच्या संघाला 1939-40 व 1940-41 असे लागोपाठ दोनदा रणजी करंडक जिंकून द्यायचा, असा त्यांचा दुहेरी संसार. त्यांच्या तीन मुली, तारा, सुंदर आणि सुमन, बॅडमिंटन खेळल्या. आणि 1940च्या दशकात देशातल्या महिला बॅडमिंटनवर या तीन बहिणींचे राज्य होते. संस्कृतच्या प्राध्यापकाच्या घरातल्या मुलींनी त्या काळात स्पर्धांसाठी परगावी जावे, प्रेक्षकांसमोर खेळावे, जिंकून यावे, याला घरातून किती पाठबळ लागले असेल, ते वेगळे सांगायला नको.

त्याच पिढीतले दुसरे घर पाहा. फ्रँक डेव्हलिन हा आयर्लंडचा खेळाडू, ऑल इंग्लंडचा अनेक वेळचा विजेता. तो पुढे अमेरिकेत स्थायिक झाला. त्याच्या दोन मुली, सूझन आणि ज्युडी. दोघी मिळून ऑल इंग्लंडची महिला दुहेरी सहा वेळा जिंकल्या. ज्युडीने एकेरी दहा वेळा जिंकली. 1957 मध्ये महिलांसाठी उबेर चषक सुरू झाला तो पहिल्यांदा अमेरिकेने नेला, त्यात या डेव्हलिन घराण्याचा मोठा वाटा. खेळाडू बाप आणि खेळाडू मुली : देवधरांचे घर आणि डेव्हलिनचे घर अगदी एका साच्यातले. देवधर भगिनी डेव्हलिन भगिनींना हरवू शकल्या असत्या असे मी म्हणत नाही. ते म्हणायला काही आधार नाही. मी एवढेच म्हणतो की हा प्रश्न विचारण्याची वेळच आली नाही. पुण्याच्या तीन बहिणी ऐन भरात होत्या तेव्हा लंडनची स्पर्धा युद्धामुळे बंद होती आणि महिलांची सांघिक स्पर्धा जन्मालाच आली नव्हती. ती आली तोवर दशक उलटून गेले होते. नोंदवह्यांत ज्युडी हॅशमन, म्हणजे लग्नानंतरची ज्युडी डेव्हलिन, पानभर आहे. देवधर भगिनी राष्ट्रीय विजेत्यांच्या यादीत आहेत. एवढ्या फरकावरून कोण मोठे हे ठरवू नये.

युद्ध संपले आणि मार्च 1947 मध्ये ऑल इंग्लंड पुन्हा भरली. हिंदुस्थानातून दोघे गेले : प्रकाशनाथ आणि देविंदर मोहन, दोघेही पंजाबचे. दोघे चांगले खेळले, आणि अडचण तिथेच झाली. ते स्पर्धेच्या एकाच अर्ध्या भागात पडले आणि उपांत्यपूर्व फेरीत समोरासमोर आले. एकमेकांना दमवण्यात अर्थ नाही, दोघांपैकी एक ताजातवाना पुढे जावा, म्हणून त्यांनी नाणे उडवले. प्रकाशनाथांची बाजू आली. देविंदर मोहनांनी सामना सोडून दिला. प्रकाशनाथ खरोखरच अंतिम फेरीत पोचले. ऑल इंग्लंडच्या एकेरीच्या अंतिम सामन्यात पोचलेले ते पहिले भारतीय. पण त्या दिवशी सकाळी वर्तमानपत्रात लाहोर पेटल्याची बातमी होती. घर लाहोरात, घरची माणसे लाहोरात, आणि आपण लंडनच्या हॅरिंगे येथे फूल मारायला उभे. स्वीडनच्या कॉनी जेप्सनने त्यांना हरवले. खेळाच्या इतिहासात या सामन्याचा एका ओळीत निकाल लागतो. त्या निकालात किती वाटा जेप्सनच्या रॅकेटचा आणि किती लाहोरच्या आगीचा, हे कुठल्याच गुणफलकावर उमटत नाही.

इथून पुढे खेळाचा तराजू आशियाकडे झुकू लागला. 1948-49 मध्ये थॉमस चषक एकदाचा सुरू झाला आणि इंग्लंडातल्या प्रेस्टन गावी झालेल्या अंतिम लढतीत मलायाने डेन्मार्कचा 8-1 असा फडशा पाडला. तेव्हाच्या पद्धतीत एका लढतीत नऊ सामने, पाच एकेरीचे आणि चार दुहेरीचे, दोन दिवस चालत. चषक ज्याच्याकडे तो देश थेट अंतिम लढतच खेळायचा, आणि तीही आपल्या अंगणात. मलायाने 1952 आणि 1955 मध्येही तो राखला. ऑल इंग्लंडच्या पुरुष एकेरीकडे पाहिले तरी तेच : 1950, 1951, 1952 आणि 1955 वाँग पेंग सून, 1953, 1954, 1956 आणि 1957 एडी चूंग. दोघेही मलायाकडचे. म्हणजे किताबाचा शिक्का लंडनचा असला तरी तो जिंकणारी माणसे क्वालालंपूर, सिंगापूर आणि पेनांग इकडची होती. इंग्रजांच्याच वसाहतीतल्या माणसांनी इंग्रजांच्या दालनातला किताब आठ वर्षे दुसऱ्या कोणाला लागू दिला नाही.

हे सगळे डोळ्यांपुढे ठेवून आता नंदू नाटेकरांकडे या. जन्म 12 मे 1933, सांगली. सांगली म्हणजे आपल्याला परकी नाही. शिरहट्टीसारखे आपल्या भागातले गावही एके काळी सांगली संस्थानात होते. नाटेकरांचा पहिला ओढा टेनिसकडे होता. कनिष्ठ गटाच्या राष्ट्रीय टेनिस स्पर्धेत रामनाथन कृष्णन यांच्याकडून ते हरले आणि मग बॅडमिंटनकडे पूर्णपणे वळले. टेनिसचे नुकसान झाले असेल. आपली तक्रार नाही. 1953 मध्ये, विशीतच, ते राष्ट्रीय विजेते झाले. 1954 मध्ये ऑल इंग्लंडच्या उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेले. आणि 1956 मध्ये क्वालालंपूरला सेलांगोर आंतरराष्ट्रीय स्पर्धा जिंकले. भारताबाहेर आंतरराष्ट्रीय किताब मिळवणारे ते पहिले भारतीय बॅडमिंटनपटू.

सेलांगोर हे नाव ऐकून कोणाच्या अंगावर रोमांच उभे राहत नाहीत. ऑल इंग्लंड म्हटले की राहतात. इथेच आपला तराजू चुकतो. 1956 साली पुरुषांचा सर्वांत कसदार बॅडमिंटन कुठे खेळला जात होता? थॉमस चषक तीनदा जिंकलेल्या मलायात. सेलांगोर हे मलायातले राज्य, क्वालालंपूर त्याचे मुख्य गाव. तिथे, त्या दमट हवेत, खेळाची खडान्‌खडा माहिती असलेल्या प्रेक्षकांपुढे जिंकायचे म्हणजे पहिलवानाने कोल्हापुरात येऊन कुस्ती मारण्यासारखे होते. आणि नाटेकरांचे बळ दांडगाईचे नव्हते. मनगटाची फिरकी, शेवटच्या क्षणी दिशा बदलणारा हात, बॅकहँडची सहजता : ज्यांनी त्यांना पाहिले ते सारे याच गोष्टी सांगतात. राष्ट्रीय एकेरीचा किताब त्यांनी सहा वेळा, पुरुष दुहेरीचा सहा वेळा आणि मिश्र दुहेरीचा पाच वेळा मिळवला. 1961 मध्ये अर्जुन पुरस्कार सुरू झाले तेव्हा बॅडमिंटनचा पहिला मान त्यांना मिळाला. 1962 मध्ये बँकॉकला लखनौच्या मीना शहा यांच्या जोडीने त्यांनी किंग्ज कपची मिश्र दुहेरी जिंकली.

एक योगायोग सांगतो. 1956 हेच ते वर्ष ज्याच्या 1 नोव्हेंबरला आपला धारवाड जिल्हा मुंबई राज्यातून निघून म्हैसूर राज्यात गेला. त्या वर्षात विजयाची बातमी आली तेव्हा सांगलीचा मुलगा आणि धारवाडचा वाचक एकाच राज्याचे नागरिक होते. वर्षअखेरीस दोघांमध्ये राज्याची सीमा आली होती. पुढच्या काळात सांगली-मुंबईच्या नाटेकरांचे कौतुक मराठी पुस्तकांत होत राहिले आणि बंगळूरच्या प्रकाश पदुकोण यांचे कन्नड पुस्तकांत. दोन्ही भाषा जाणणाऱ्या आपल्यासारख्यांनी दोघांना एका ओळीत उभे करायला हवे, कारण दुसऱ्याची गोष्ट पहिल्याच्या गोष्टीला लागूनच येते.

नाटेकरांच्या काळात देश म्हणून भारत कुठे होता? थॉमस चषकात 1952 आणि 1955 मध्ये भारताने उपांत्य फेरीपर्यंत मजल मारली. 1951 ते 1963 या काळात नाटेकर या चषकात एकेरीचे 16 सामने खेळले आणि त्यांतले 12 जिंकले. दुहेरीचे 16 खेळून आठ जिंकले. म्हणजे एकटा माणूस जिंकत होता आणि संघ थोडक्यासाठी अडत होता. उपांत्य फेरी पुन्हा दिसायला 1979 उजाडावे लागले. मधल्या काळात आशियाने स्वतःची अजिंक्यपदे उभी केली. आशियाई अजिंक्यपद स्पर्धा 1962 मध्ये क्वालालंपूरला सुरू झाली आणि 1965 मध्ये लखनौत दिनेश खन्ना आशियाचे विजेते झाले. लंडनच्या शिक्क्याला पर्याय निर्माण होत होता, फक्त त्याला जगाची मान्यता यायची होती.

ती यायला राजकारण आडवे आले. या खेळात अतिशय बलाढ्य असलेला चीन महासंघाबाहेर होता. तैवानच्या सभासदत्वाचा वाद हे त्याचे कारण. महासंघाने 1977 मध्ये स्वीडनच्या माल्मो येथे पहिली अधिकृत जागतिक अजिंक्यपद स्पर्धा घेतली, आणि ऑल इंग्लंडचे 78 वर्षांचे अनधिकृत सिंहासन संपले. पण लगेच 1978 मध्ये चीनला बरोबर घेऊन दुसरा जागतिक महासंघ निघाला आणि त्याने आपली वेगळी जागतिक स्पर्धा बँकॉकला भरवली. आता जगात दोन महासंघ, दोन जागतिक विजेते. 1981 मध्ये दोघांची समेट होऊन एकच महासंघ राहिला तेव्हा कुठे ‘विश्वविजेता’ या शब्दाला एकवचनी अर्थ आला.

प्रकाश पदुकोण यांची कारकीर्द नेमकी या घोळाच्या मधोमध पडते. बंगळूरच्या मल्लेश्वरम् भागातले कॅनरा युनियनचे सभागृह हे त्यांचे पहिले कोर्ट. ते लग्नाचे सभागृह होते. लग्नसराई आली की सराव बंद. मांडव उतरला की पुन्हा जाळी बांधायची. आपल्याकडे ज्यांनी कार्यालयांत बॅडमिंटन खेळले आहे त्यांना याचे चित्र काढून दाखवायची गरज नाही. 1978 मध्ये एडमंटनच्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्यांनी एकेरीचे सुवर्ण मिळवले. त्याच स्पर्धेत मुंबईच्या अमी घिया आणि कंवल ठाकूर सिंग यांनी महिला दुहेरीचे कांस्य आणले. ते आपण पार विसरून गेलो आहोत. 1979 मध्ये खेळ हौशीपणाच्या सोवळ्यातून बाहेर आला, रोख बक्षिसांच्या स्पर्धा सुरू झाल्या, आणि लंडनच्या अल्बर्ट हॉलमधली अशी पहिली मोठी स्पर्धा पदुकोणांनी जिंकली. 1980 मध्ये डेन्मार्क, स्वीडन आणि मग वेम्बली येथे ऑल इंग्लंड, असे तीन किताब ओळीने. ऑल इंग्लंडच्या अंतिम सामन्यात इंडोनेशियाच्या लिम स्वी किंगला त्यांनी 15-3, 15-10 असे हरवले. किंगच्या उंच उडी मारून केलेल्या स्मॅशला जग घाबरत होते. पदुकोणांनी त्याला स्मॅश मारण्याजोगे फूल फारसे दिलेच नाही.

या विजयावर पुष्कळ लिहिले गेले, ते योग्यच. पण माझ्या मते 1981 मध्ये क्वालालंपूरला झालेली विश्वचषक स्पर्धा तिच्या तोडीची, कदाचित जडच. कारण तोवर दोन्ही महासंघ एक झाले होते आणि चीनचे खेळाडू जाळीच्या पलीकडे उभे होते. अंतिम सामन्यात हान जियानविरुद्ध पदुकोणांनी पहिला डाव 15-0 घेतला आणि दुसरा 18-16 असा खेचला. गाव पुन्हा क्वालालंपूरच. 25 वर्षांपूर्वी नाटेकर जिंकले होते तेच. 1983 मध्ये कोपनहेगनच्या जागतिक स्पर्धेत पदुकोणांनी कांस्य मिळवले. या स्पर्धेतले भारताचे ते पहिले पदक.

पुढचा भाग तुमच्या परिचयाचा आहे, म्हणून भरभर सांगतो. 1982च्या दिल्ली आशियाई स्पर्धेत महाराष्ट्राचे प्रदीप गंधे आणि लेरॉय डिसा यांनी पुरुष दुहेरीचे कांस्य घेतले. 1992 मध्ये बार्सिलोनात बॅडमिंटन ऑलिम्पिक पदकांचा खेळ झाला. 2001 मध्ये गोपीचंद यांनी ऑल इंग्लंड परत भारतात आणली. 2005 मध्ये महासंघाचे मुख्यालय इंग्लंडातल्या चेल्टनहॅमहून उठले आणि क्वालालंपूरला गेले. आपल्या कथेच्या दृष्टीने या बातमीला एखाद्या किताबाइतके महत्त्व आहे. वर्तमानपत्रांत ती आतल्या पानांत शोभण्यासारखी होती, एवढेच. 2011 मध्ये लंडनच्या जागतिक स्पर्धेत ज्वाला गुट्टा आणि अश्विनी पोनप्पा यांनी महिला दुहेरीचे कांस्य मिळवले. ज्वाला यांचा जन्म वर्ध्याचा, अश्विनींचा बंगळूरचा. 2019 मध्ये बासेल येथे सिंधूने नोझोमी ओकुहाराला 21-7, 21-7 असे 38 मिनिटांत हरवून जागतिक सुवर्ण आणले. 1940च्या दशकात ज्या पातळीचा प्रश्नही देवधर भगिनींपुढे येऊ शकला नाही, त्याचे उत्तर एका भारतीय मुलीने असे 38 मिनिटांत दिले.

राहता राहिला थॉमस चषक. नाटेकरांनी बारा वर्षे ज्याच्यासाठी रॅकेट उचलली तो. 1984 पासून एका लढतीत नऊऐवजी पाच सामने झाले, तीन एकेरीचे आणि दोन दुहेरीचे. त्यामुळे एखादा मोठा एकेरीचा खेळाडू पुरत नाही, दुहेरीची जोडी लागतेच. आणि भारताकडे नेमकी तीच नसायची. मे 2022 मध्ये बँकॉकला भारत पहिल्यांदा अंतिम फेरीत गेला. समोर इंडोनेशिया, 14 वेळचा विजेता. पहिल्या सामन्यात लक्ष्य सेन पहिला डाव हरूनही जिंकला. दुसरा सामना दुहेरीचा. आंध्रचा सात्त्विकसाईराज रंकीरेड्डी आणि मुंबईचा चिराग शेट्टी, गोरेगावला उदय पवारांच्या हाताखाली तयार झालेला मुलगा. पहिला डाव गेला, दुसऱ्यात प्रतिस्पर्ध्यांना सामना संपवण्याच्या संधी आल्या, त्या या दोघांनी परतवल्या आणि तिसऱ्या डावात लढत खेचून आणली. तिसऱ्या सामन्यात श्रीकांतने जोनातन क्रिस्तीला हरवले. 3-0. तारीख 15 मे. 1952 मध्ये उपांत्य फेरीत अडलेला संघ 70 वर्षांनी चषक घेऊन उभा राहिला.

ही लढत पाहायला नंदू नाटेकर नव्हते. त्याआधी साडेनऊ महिने, 28 जुलै 2021 रोजी, वयाच्या 88व्या वर्षी ते पुण्यात वारले.